पाहिलं, ठीक आहे

मित्रांनो, बंद पडलेल्या रिमोटचं झाकण तुमच्यापैकी कुणी ना कुणी नक्कीच उघडलं असेल. उघडल्याबद्दल बोलणी खाल्ली असतील, तो भाग वेगळा. आत एक हिरवी पाटी दिसते. तिच्यावर मुंगीएवढे, तांदळाएवढे भाग चिकटवलेले असतात आणि त्यांच्यामधून तांब्याच्या बारीक रेघा गेलेल्या असतात. त्या रेघांतून वीज धावते. त्या पाटीला बोर्ड म्हणतात, रेघांना ट्रॅक आणि भाग चिकटवायच्या चकचकीत ठिपक्यांना पॅड. असा बोर्ड कारखान्यात तयार होण्याआधी कंप्युटरच्या पडद्यावर आखावा लागतो. तो आखायला मदत करणारा मी एक जुना प्रोग्रॅम आहे. चूक झाली, असं सांगण्यासाठी माझ्याजवळ लाल रंगाची एक फुली आहे, तेवढीच. ती कुणी पाहिली नाही, की माझं बोलणं तिथेच संपतं.

ही तक्रार समजू नका. स्वतःची गोष्ट सांगायला बसलो आहे, तर आपली लायकी आधीच सांगितलेली बरी.

माझा जन्म एका दुमजली इमारतीच्या वरच्या मजल्यावर झाला. खाली शिंप्याचं दुकान होतं आणि दिवसभर शिवणयंत्राची खडखड चालायची. अकरा माणसं तीन वर्षं मला लिहीत होती. एकाने मला रेघ ओढायला शिकवलं. दुसऱ्याने थर शिकवले, कारण बोर्ड वरून दिसतो तसा एकाच थराचा नसतो, पोटात आणखी दोन-चार थर दडवून बसलेला असतो आणि प्रत्येक थराला मी वेगळा रंग देतो. रोज घराची किल्ली हरवणाऱ्या एका विसराळू गृहस्थाने मला एक पाऊल मागे यायला शिकवलं. चूक झाली, एक बटण दाबलं, चूक पुसली. माणसांचा या सोयीवर एवढा जीव, की बाकीचं सगळं काढून घेतलं तरी चालेल, ही तेवढी राहू द्या, असं ती म्हणतात.

सगळ्यात शेवटी एका शिक्षिकेने मला नियम शिकवले. उमेदवारीच्या दिवसांत तिने स्वतः एक बोर्ड जाळला होता. दोन ट्रॅक फार जवळ आले होते, वीज एकावरून दुसऱ्यावर उडी मारून गेली आणि तिच्या भुवया थोडक्यात वाचल्या. तेव्हापासून तिने अंतराचा ध्यासच घेतला होता. कशापासून काय किती लांब हवं, हे तिने मला घोकून घोकून पाठ करायला लावलं आणि नियम मोडला तर तिथे लाल फुली मारायला सांगितलं. पण कधीकधी जाणूनबुजून नियम मोडावा लागतो, हेही तिला ठाऊक होतं. म्हणून तिने माफीची सोय ठेवली. एखादी फुली माणसाला माफ करता येते. माफ केलेली फुली पडद्यावरून जाते आणि एका यादीत जाऊन बसते. तिथे माफ करणाऱ्याचं नाव, दिवस, वेळ आणि कारण लिहिलेलं राहतं.

मग मी एका खोक्यात बसून, पाच तबकड्या आणि एका जाड पुस्तकासह, या ऑफिसात आलो. ते जाड पुस्तक आजवर कुणी उघडलेलं नाही, पंख्याने कागद उडू नयेत म्हणून त्यांच्यावर ठेवतात.

ऑफिस तीन खोल्यांचं. पहिल्या खोलीत मालकीणबाई बसतात, मधल्या खोलीत बोर्ड आखणारे आणि शेवटच्या खोलीत चाचणी. चाचणीच्या खोलीत एक अंगापिंडाने भरलेले गृहस्थ असतात. नव्या बोर्डाला मुद्दाम जबरदस्त दाबाची वीज देऊन तो टिकतो का, हे पाहायचं त्यांचं काम. त्यांना सगळे ठिणगीदादा म्हणतात. आपण दिवसभर दुसऱ्याच्या कामाला काडी लावतो आणि त्याचा पगार घेतो, हा त्यांचा विनोद नव्या माणसाला पहिल्याच दिवशी ऐकावा लागतो.

आणि मधल्या खोलीत, माझ्यासमोर, केसभरकाका.

मी आलो तेव्हा ते पस्तिशीचे होते. कुठलाही भाग जागेवर बसवला, की खुर्चीत मागे रेलून पाहायचे आणि स्वतःशीच म्हणायचे, केसभर डावीकडे हवा. मग केसभर वर. मग पुन्हा केसभर उजवीकडे. असं करत तो भाग बहुतेक वेळा होता तिथेच परत यायचा, पण त्यांचं समाधान व्हायचं. घरी भिंतीवरचं घड्याळ सरळ करायला त्यांना एक आख्खा रविवार लागला होता, असं त्यांची भाची सांगते. तेव्हापासून नाव पडलं ते कायमचं.

ते आले की खुर्ची पुढे ओढायचे, रुमालाने माझा पडदा पुसायचे आणि कामाला लागायचे. मी सुरुवातीला सगळे भाग मांडून देतो आणि कोण कुणाला जोडायचा आहे ते बारीक धाग्यांनी दाखवतो. त्या वेळी पडद्यावर कोळ्याच्या जाळ्यासारखा गुंता दिसतो. एकेक ट्रॅक आखला, की एकेक धागा नाहीसा होतो. माझ्यात आपोआप ट्रॅक आखायचीही सोय आहे. ती त्यांनी एकदाच वापरली. मी मोठ्या हौसेने सगळा बोर्ड क्षणात आखून दाखवला. त्यांनी तो वरपासून खालपर्यंत पाहिला, पोट धरून हसले आणि एक पाऊल मागे जाण्याचं बटण दाबलं. मला वाईट वाटलं, पण खरं सांगतो, माझी आखणी म्हणजे शाळा सुटल्यावर दारातून पळणारी पोरं होती. त्यांचे ट्रॅक शहाण्यासारखे रांगेने जात.

त्या वर्षांत आम्ही दोघांनी मिळून किती बोर्ड केले. लिफ्टच्या दारांचे केले, रस्त्यावरच्या सिग्नलचे केले, शिवणयंत्राचेही केले. शेवटचा धागा नाहीसा झाला की ते पडद्याच्या कडेवर दोन बोटांनी टकटक करायचे आणि म्हणायचे, "चला, सुटलो दोघंही." 'दोघंही' म्हणायचे, मित्रांनो. माझी आजवरची कमाई म्हणजे तो एक शब्द.

माफीच्या बाबतीत ते फार कडक होते. कारणाशिवाय माफी नाही, हा नियम त्यांनीच ऑफिसात घालून दिला आणि एकेक फुली उघडून, मोजून, मगच माफ करायची, हा दुसरा. त्यांची कारणं वाचण्यासारखी असायची. 'इथे छापायची अक्षरं पॅडवर चढली आहेत, पण कारखाना ती कापतो. आज फोन करून खात्री केली.' 'अंतर कमी आहे, पण दोन्ही ट्रॅक एकाच बॅटरीचे. भीती नाही.' एकदा त्यांनी लिहिलं होतं, 'नियम बरोबर आहे, मी चूक आहे, माफी मागे घेतो.' यादीत असं लिहिणारा दुसरा माणूस मला भेटलेला नाही.

आठ वर्षांपूर्वी त्यांच्या थोरल्या बहिणीची मुलगी याच ऑफिसात कामाला लागली. घरीही मामा आणि इथेही मामाच. तिला त्यांनीच माझ्यावर शिकवलं. ऑफिसात प्रत्येक बोर्डाला दोन सह्या लागतात, एक आखणाऱ्याची आणि दुसरी तपासणाऱ्याची. तिचे बोर्ड मामा तपासत आणि वीस-पंचवीस शेरे मारून परत पाठवत. पहिल्या वर्षी ती दोनदा रडली आणि तिसऱ्यांदा भांडली, तेव्हा कुठे मामा खूश झाले.

मामांचे बोर्ड मात्र ती तपासायची. सुरुवातीला तीही माफीची एकेक ओळ उघडून पाहायची. चार वर्षं पाहिली, चार वर्षांत एक चूक सापडली नाही. मग तिला संकोच वाटायला लागला. ज्या माणसाने बोटाला धरून शिकवलं, त्याच्या कामात चुका शोधत बसायचं म्हणजे मोठ्यांच्या खिशात हात घालण्यासारखं, असं ती एकदा ठिणगीदादांना म्हणाली होती. हळूहळू ओळी उघडणं थांबलं. ती यादी उघडायची, खालपर्यंत सरकवायची आणि सही करायची. कुणी किती वेळ काय उघडलं, हे मी लिहून ठेवतो. शेवटी शेवटी त्या सहीला दहा-अकरा सेकंद लागायचे. आळस नव्हता तो, मित्रांनो. तो मान होता, आणि म्हणूनच कुणाला खटकला नाही.

दीड वर्षापूर्वी ऑफिसात नवा प्रोग्रॅम आला. बोर्ड खऱ्यासारखा फिरवून दाखवणारा, तापणारे भाग आधीच रंगवून सांगणारा. सगळ्यांनी मला सोडलं, भाचीनेही. तिच्या कंप्युटरवर मी उरलो तो फक्त मामांच्या फायली उघडून सही करण्यापुरता. मालकीणबाईंनी काकांनाही नवा प्रोग्रॅम घ्यायला सांगून पाहिलं, मग हात टेकले. काका हट्टी आहेत, असं सगळे म्हणू लागले. मलाही तसंच वाटलं आणि मनातून मी सुखावलो. आपल्यासाठी कुणीतरी हट्ट धरतंय, याचा आनंद कुणाला होत नाही? खरं कारण कळायला मला बराच वेळ लागला.

आधी ते मला थोडं मोठं करून पाहू लागले. वय झालं की सगळेच करतात. मग आणखी मोठं. मग एवढं, की एका वेळी तळहाताएवढ्या बोर्डातला तिळाएवढा तुकडा दिसायचा. आणि एक गोष्ट विचित्र होती. आयुष्यभर ते ज्या जागी काम चाललं आहे ती जागा पडद्याच्या मधोमध आणत. आता ते ती जागा डाव्या कोपऱ्यात न्यायचे आणि बघायचे मात्र मध्ये. जिथे काम आहे तिथे बघत नव्हते, तर त्याच्या शेजारी बघत होते. लाल फुली मी नेमकी त्यांच्या नजरेसमोर मारली, तर त्यांना दिसायची नाही. कडेला मारली, तर दिसायची.

माझ्या लक्षात आलं. त्यांच्या नजरेच्या मधोमध एक डाग पडला होता. मी चित्र कितीही मोठं केलं, तरी डाग मध्येच. मोठं केल्यामुळे तुकडा दिसायचा आणि सगळा बोर्ड नजरेतून निसटायचा. नवा प्रोग्रॅम ते घेत नव्हते, कारण नव्याची बटणं शोधावी लागली असती. माझी बटणं त्यांच्या हाताला पाठ होती. डोळे मिटूनही त्यांनी मला चालवलं असतं, आणि जवळजवळ तसंच चालवत होते.

बायको जाऊन बरीच वर्षं झाली होती, घरात एकटेच होते. तिथे पाहणारं कुणी नव्हतं. ऑफिसात ते डबा खाताना भिंतीकडे तोंड करून बसू लागले. जिना उतरताना भाचीशी बोलत बोलत तिच्या खांद्यावर हात ठेवायचे. मामा अलीकडे प्रेमळ झालेत, असं तिला वाटलं.

मी काय करू शकत होतो? नियम मोडला तर फुली मारायची, एवढंच मला शिकवलेलं. इथे तर कुठलाच नियम मोडत नव्हता. माणसाने जागा कोपऱ्यात नेऊन पाहिली तर त्याला चूक म्हणत नाहीत. माझा जीव टांगणीला लागला होता. कुणाला तरी हे कळायला हवं होतं, एखादा वाईट बोर्ड या खोलीतून बाहेर पडण्याआधी.

आणि तेव्हाच तो पेटीचा बोर्ड आला.

वेळेआधी जन्मलेली बाळं असतात ना, ओंजळीत मावणारी, त्यांना ऊब देणाऱ्या पेटीचा तो बोर्ड. त्याच्या एका बाजूला भिंतीतल्या प्लगमधून येणारी वीज आणि दुसऱ्या बाजूला बाळाच्या अंगाला चिकटवायच्या तारा. दोन्हींच्या मध्ये आठ मिलिमीटरची मोकळी पट्टी सोडायची. त्या पट्टीत तांब्याचा कणही चालत नाही. वीज ती पट्टी ओलांडून गेली, तर पलीकडे बाळ आहे.

काकांनी पट्टी व्यवस्थित सोडली होती. शेवटच्या आठवड्यात एक भाग जागचा हलवावा लागला. भाग हलला की आजूबाजूच्या रिकाम्या जागेत मी पुन्हा तांबं भरतो, ती माझी एक सोय आहे. पट्टीची हद्द सांगणारी रेघ भाग हलवताना थोडी मागे सरकली होती. त्यांनी भरायला सांगितलं, मी भरलं. तांब्याची एक बारीक जीभ पट्टीत शिरली. ती जीभ मीच भरली, मित्रांनो. सांगितलेलं काम मी केलं आणि मग माझ्याच कामावर मी लाल फुली मारली.

तपासणीत सदतीस फुल्या निघाल्या. छत्तीस नेहमीच्या, अक्षरं पॅडवर चढल्याच्या. तेविसावी त्या जिभेची. काकांनी एकेक उघडायला सुरुवात केली. पहिल्या नऊ फुल्या त्यांनी नीट पाहिल्या, प्रत्येकीला पाच-पाच मिनिटं लागली. त्यांनी चष्मा काढला, डोळे चोळले, पुन्हा घातला. दहावीशी ते बराच वेळ झगडले. मग त्यांनी असं केलं, जे एकोणीस वर्षांत कधी केलं नव्हतं. उरलेल्या सगळ्या एकदम निवडल्या आणि कारणाच्या रकान्यात लिहिलं, 'पाहिलं. ठीक आहे.'

अठ्ठावीस फुल्या पडद्यावरून एकदम गेल्या. मी कळवळलो, पण माफ केलेल्या फुलीबद्दल मला पुन्हा बोलता येत नाही. माझी सगळी आशा आता दुसऱ्या सहीवर होती. जेवणानंतर भाचीने तिच्या कंप्युटरवर यादी उघडली. खालपर्यंत सरकवली. तेविसावी ओळ तिच्या डोळ्यांसमोरून वर गेली. अकरा सेकंद. सही.

चाचणीसाठी वीस बोर्ड बनून आले. तिसऱ्या दिवशी सकाळी ठिणगीदादा त्यातला एक ट्रेमध्ये ठेवून मधल्या खोलीत आले. नेहमीचा विनोद त्यांनी केला नाही. बोर्डावर मध्येच एक काळा चट्टा होता आणि जळका वास सगळ्या खोलीत पसरला. मालकीणबाई मागोमाग आल्या. हे तपासणीत कसं आलं नाही, असं त्यांनी विचारलं. काका चहा घ्यायला खाली गेले होते. भाची म्हणाली, मी बघते. मालकीणबाईंनी माझ्याकडे नजर टाकली आणि म्हणाल्या, जुनं झालंय हे, पकडत नसेल, काढूनच टाकू आता. आणि त्या आत गेल्या.

भाची माझ्यासमोर, मामांच्या खुर्चीत बसली आणि तिने यादी उघडली. या वेळी एकेक ओळ. तेविसाव्या ओळीशी ती थांबली. वर मामांचं नाव, खाली दुसऱ्या सहीत तिचं. काका त्यांच्या पासवर्डने मला उघडं ठेवून गेले होते, त्यामुळे त्यांना जे करता येतं ते सगळं तिला करता येत होतं. यादीच्या वर एक बटण आहे. ते दाबलं की माफीची सगळी यादी कोरी होते, फुली कधी पडलीच नव्हती अशी. मग मामांवर ठपका नाही, तिच्यावर नाही. जुन्या प्रोग्रॅमने पकडलं नाही, एवढंच राहिलं असतं. तिने माऊस त्या बटणावर नेऊन ठेवला.

मला नाही म्हणता येत नाही. दाबलं असतं तर मी मुकाट्याने विसरलो असतो.

काका तेवढ्यात परत आले. वासावरूनच त्यांनी काय ते ओळखलं असावं. ते भिंतीला हात लावत टेबलापाशी आले आणि उभे राहिले.

"काय सापडलं?"

"तेविसावी ओळ, मामा."

"वाच."

"तुम्हीच बघा ना."

"तू वाच गं."

तिने वाचलं. "अंतर आठ मिलिमीटर हवं. एक पूर्णांक नऊ आहे."

"पुढे कारण असेल."

तिने बोट पुढच्या रकान्यावर नेलं. मग म्हणाली, "पाहिलं. ठीक आहे."

काका शेजारच्या खुर्चीत बसले. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "नव्हतं पाहिलं," ते म्हणाले. "मला मधलं दिसत नाही आता. तुझा चेहरासुद्धा नाही दिसत, कडेचे केस तेवढे दिसतात."

खांद्यावर ठेवलेला हात भाचीला आठवला असेल, माहीत नाही. ती हळूच म्हणाली, "यादी कोरी करता येते मामा. सगळ्यांना वाटेल, प्रोग्रॅम जुना होता."

"त्याने सांगितलं होतं की," काका म्हणाले. "ठिणगी नसता तर ती पेटी आज कुणाच्या तरी बाळाखाली असती. राहू दे यादी. बाईंना बोलाव."

"माझीही सही आहे त्यात. मी एकही ओळ उघडली नव्हती."

"मग तेही सांगू."

दोघांनी सांगितलं. मालकीणबाईंनी आवाज चढवला नाही. त्यांनी दोनच गोष्टी सांगितल्या. काकांनी आजच्या आज डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जायचं आणि भाचीने काकांचे गेल्या दोन वर्षांतले सगळे बोर्ड, माफीची एकेक ओळ उघडून, पुन्हा तपासायचे.

दुसऱ्या दिवशी भाची मालकीणबाईंना सगळं सांगत होती, ते मी ऐकलं. उजव्या डोळ्याच्या मधली नजर गेली आहे, ती परत यायची नाही. डाव्यातही डाग आहे, पण तो आहे तेवढा राखता येईल, तोही इंजेक्शनं घेऊन. डॉक्टरांनी विचारलं, हे कधी सुरू झालं? काका म्हणाले, सात-आठ महिने झाले असतील. पहिल्या तीन-चार महिन्यांत आला असता तर उजवाही बराचसा वाचला असता, असं डॉक्टर म्हणाले.

मित्रांनो, हे सुरू झालं तो दिवस मला माहीत होता. प्रत्येक वेळी काम जतन करताना पडद्यावर कुठला भाग होता आणि किती मोठा होता, हे मी लिहून ठेवतो. चौदा महिन्यांपूर्वी, एका बुधवारी, चहानंतर, त्यांनी पहिल्यांदा कामाची जागा कोपऱ्यात नेली. त्यानंतर रोज. चौदा महिने ती नोंद माझ्या पोटात पडून होती. विचारलं असतं तर मी एका क्षणात दाखवली असती. पण प्रोग्रॅमला असं कोण विचारतं? आणि न विचारता सांगायची सोय माझ्यात नाही. अकरा माणसांनी मला इतकं शिकवलं, तेवढं शिकवायचं राहून गेलं.

म्हणून तुमच्याजवळ एक मागणं आहे. तुमच्या घरात कुणी पुस्तक तिरकं धरून वाचू लागलं, कुणी अचानक जिन्यावर तुमचा हात धरू लागलं, कुणी जुन्याच वस्तूंचा हट्ट धरू लागलं, तर हसून सोडून देऊ नका. आजी-आजोबा असोत, मामा असोत, शाळेतल्या बाई असोत. मोठ्या माणसाला कसं विचारायचं, म्हणून गप्प बसू नका. जवळ जाऊन विचारा, आणि ठीक आहे म्हणाले तर पुन्हा एकदा विचारा.

भाचीचं काम सहा आठवडे चाललं. आणखी एका बोर्डात दोन चुका निघाल्या. तो अजून ऑफिसातच होता, एवढं नशीब. शेवटचा राहिला पेटीचा बोर्ड. ती जीभ तिने काढून टाकली, पॅडवर चढलेली अक्षरं बाजूला सरकवली, रेघ जागेवर आणली, सगळी तपासणी पुन्हा लावायची ठरवली आणि त्या दिवशी काकांना बोलावून घेतलं. उद्यापासून सगळे बोर्ड नव्या प्रोग्रॅमवर जाणार होते आणि मला बंद करणार होते, हे सगळ्यांना माहीत होतं.

काका माझ्यासमोर बसले. खिशातून रुमाल काढून त्यांनी पडदा पुसला, अगदी कोपऱ्यांपर्यंत. मग हात बरोबर बटणावर गेला आणि त्यांनी तपासणी सुरू केली. मी एकेक ट्रॅक मोजला. पट्टी मोजली, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, दोनदा. आयुष्यात इतकं जीव लावून मी काही मोजलं नव्हतं. कुठेही फुली नव्हती. मला येतात तेवढ्या मोठ्या हिरव्या अक्षरांत, पडद्याच्या मधोमध, मी लिहिलं, 'एकही चूक नाही.'

काकांनी मान आधी डावीकडे वळवली, मग उजवीकडे. थोडं पुढे वाकले. मग खुर्चीत मागे टेकले आणि भाचीला म्हणाले, "काय म्हणतोय गं तो?"